उभं पाणी

देवगडात, आनंदवाडीच्या धक्क्याला लागून
अन्वर मुकादमांचं वर्कशॉप.
तिथल्या बोटीच्या इंजिनाचं पुस्तक
मराठीत करायचं काम माझ्याकडे,
पानाला ऐंशी रुपये, चहा वेगळा.
एकतिसाव्या पानावर अडले:
क्विएसंट.
डिझेलचा फवारा पडण्याआधी
सिलिंडरमधली हवा तशी असते म्हणे.

स्थिर लिहिलं. खोडलं. स्थिर तर सरकारं असतात.
निश्चल लिहिलं. ते समईच्या ज्योतीला शोभलं असतं,
ग्रीस लागलेल्या बोटांना नाही.
शांत कुणीही असतं,
रागावलेली बायको, दुपारची शाळा,
आणि शांत झाले, असं म्हणतात
गेलेल्या माणसालाही.
सुप्त लिहायला गेले
आणि पेन वरच राहिलं.

वडिलांच्या छातीच्या फोटोत, उजवीकडे वर,
करवंदाएवढा डाग होता.
मिरजेच्या डॉक्टरांनी खाली हाच शब्द लिहिला होता
तिरक्या निळ्या अक्षरात, एकोणऐंशी साली.
आईने विचारलं, म्हणजे काय?
डॉक्टर म्हणाले, झोपलाय.

तेव्हापासून आमच्या घरात पाटा हळू वाजायचा.
फोडणी द्यायच्या आधी आई खिडकी उघडायची.
आम्हा भावंडांची भांडणं परड्यात, माडाखाली,
तीही खालच्या आवाजात,
डाग उठेल म्हणून.
वडील मात्र गडगडून हसायचे
आणि आई स्वतःच्याच ओठांवर बोट ठेवायची.
माझ्याकडे या शब्दाचा पहिला अर्थ तोच आहे:
हळद लागलेलं एक बोट.

परवा माघातली अष्टमी, भांगाचं पाणी.
शब्द तसाच ठेवून धक्क्यावर गेले.
भरतीला नांगरावरच्या होड्या समुद्राकडे तोंड करतात,
ओहोटीला खाडीकडे.
त्या घटकेला मात्र कुणाचं तोंड कुठेही,
एक किल्ल्याकडे, एक माझ्याकडे,
एक नुसतीच आडवी,
दोर सैल, पाण्यात लोंबलेले.

भागी तारी चिखलातून वर येत होती,
कमरेवर तिसऱ्यांची पाटी, साडी गुडघ्यापर्यंत ओली.
“काय बघतंस गे?”
म्हटलं, पाणी थांबलंय.
“थांबाक तां काय मेलां?
उभां ऱ्हवलां हा. आता फिरतलां.”
आणि पाटी सावरत निघून गेली,
पाणी फिरायच्या आत तिला घर गाठायचं होतं.

उभं.
एसटी उभी असते स्टँडवर, ड्रायव्हर चहाला गेलेला.
पीक उभं असतं. खटला उभा राहतो.
अंगावर काटासुद्धा उभाच राहतो.
आडवं झालेलं उभं नसतं, मेलेलं तर नाहीच.
उभं म्हणजे
पायांत चालणं शिल्लक असलेलं.
एवढं मला मिरजेत कुणी सांगितलं नव्हतं,
तेव्हा मी नऊ वर्षांची होते
आणि बाकावर उभी होते,
फोटो दिसावा म्हणून.

डाग शेवटपर्यंत उठला नाही.
वडील गेले ते कलमावरून पडून,
हातात आंब्याचा झेला तसाच धरलेला.
त्या दिवशी आई आमच्या घरात
पहिल्यांदा मोठ्याने ओरडली.
इतका आवाज तिने कुठे ठेवला होता
कुणालाच माहीत नव्हतं.

मुकादमांनी पान उजेडाकडे धरून वाचलं.
“उभी हवा?”
चष्मा कपाळावर चढवला.
समोर एक इंजिन उघडं पडलं होतं,
त्याच्या रिकाम्या सिलिंडरमध्ये त्यांनी बराच वेळ पाहिलं,
आत कुणी आहे का, तसं.
“हां. तेल पडेपर्यंत उभीच असते ती.
ऱ्हाऊ दे.”

ऐंशी रुपये मोजून वर पान्याचं वजन ठेवलं.
चहा आला.
बत्तिसाव्या पानावरचा पहिलाच शब्द
खवळलेला आहे.