इथे थांबणे

दशरथ धकाते यांनी चाळीस वर्षांत
अकरा पोस्टमन केले, सहा घरमालक,
डॉक्टर किती ते मोजले नाहीत,
आणि एकदा, नायक काविळीनं पडला म्हणून,
खुद्द नायक.
तिकिटाचे पैसे परत मागायला कुणी आलं नाही.

मी विंगेत. मांडीवर वही, हातात टॉर्च.
त्यांना कधी शब्द पुरवावा लागला नाही,
कारण लिहिलेलं ते बोलतच नसत.
दारातून आधी डोकं, मग पिशवी,
मग बऱ्याच वेळानं पोट,
आणि "हाव ना बाप्पा, आलो ना."
एवढ्यावर धनवटेच्या बाल्कनीत
कुणाचं तरी झोपलेलं बाळ दचकून रडायचं.

दिवसा इतवारीत, सुताच्या दुकानात हिशेब.
शेठ म्हणे, दशरथ, इथं तर तू तोंडही उघडत नाहीस.
"इथं पगार भेटते ना जी."

एका साली दिग्दर्शकानं आयर्लंडचं नाटक उचललं.
खेड्यातला म्हातारा, दारुडा, उधारीवर जगणारा.
"कुठं आलं हे आयर्लंड?"
"इंग्लंडच्या पलीकडं. रोज पाऊस, रोज गारठा."
"मंग इकडे कायले आणलं त्याले?"
प्रयोग वीस मेचा. पारा सेहेचाळीस.
अंगात घोंगडीचा ओव्हरकोट, गळ्याला मफलर.
पहिल्या वाक्याला मिशी सुटली,
दुसऱ्याला हनुवटीवर आली.
त्यांनी ती काढली, तिनंच कपाळ पुसलं,
म्हणाले, "बम थंडी पडली जी औंदा."
माझ्या वहीत तिथं पेन्सिलीनं लिहिलंय:
इथे थांबणे, ४१.
सेकंद.

असे आकडे सगळ्या वह्यांत. ७. १२. ९.
एक शून्यही आहे, तुमसरचं.
त्या रात्री त्यांची धाकटी दवाखान्यात होती
आणि लिहिलेलं वाक्य
त्यांनी जसंच्या तसं म्हटलं.

गेल्या महिन्यात पेपरात द्यायला फोटो शोधला.
ट्रंकेत सगळे मिशीतले, तिरप्या टोपीतले,
उशी बांधलेल्या पोटाचे.
पासबुकावरचा साधा चेहरा
गल्लीत कुणाच्या ओळखीचा निघेना.
वहिनी म्हणाल्या, "पोस्टमनचाच द्या.
त्याले तरी लोक ओळखते."

आता तोच फार्स नवा पोरगा घेऊन बसवलाय.
पोरगा चांगला आहे. उच्चार स्वच्छ.
एक काना गाळत नाही.
काल पहिला प्रयोग झाला.
पोस्टमन आला, वाक्य म्हणाला,
नायिकेला पुढचं आठवेना,
तिनं विंगेकडे पाहिलं.
माझं बोट ओळीवरच होतं.
तीन. चार.
तिनं पुन्हा पाहिलं.
पाच.