तपकीर

रविवार पेठेत, भांडीबाजाराच्या मागच्या बोळात
शिदू मोहित्यांची गलाईची भट्टी.
खानापूर तालुक्यातून आलेली तिसरी पिढी.
सोनारांचा केर विकत घेतात:
झाडलेली धूळ, घासून संपलेला पॉलिश पेपर,
पायपुसणी,
कारागिरांनी हात धुतलेलं पाणीसुद्धा.

सत्तावीस वर्षं कॉलेजात रसायनशास्त्र शिकवलं मी
आणि सोनं विरघळताना पाहिलं ते इथं, स्टुलावर बसून.
फळ्यावर मी अम्लराज लिहायची, हे म्हणतात तेजाब.
लग्नातली पाटली. सासऱ्यांनी बावीस सांगितलेली,
कसोटीवर अठराची निघाली.
हिराकस पडली तशी तळाशी बसत गेली
तपकीर. खरोखर तपकीर, शिंक यावी अशी.
वर हिरव्या पाण्यात राहिलं
तांबं, आणि सासऱ्यांचा शब्द.

‘हे सोनं?’
‘हेच. चोराम्होरं ठेवलं तर लाथाडून जाईल.’

मग त्यांनी विचारलं,
चांदी पांढरी, जस्त पांढरं, कथील पांढरं,
ह्यालाच काय झालं?

मी सांगितलं, जमेल तसं.
अणूच्या गाभ्यात एकोणऐंशी प्रोटॉन, त्यांची ओढ भारी;
आतले इलेक्ट्रॉन उजेडाच्या निम्म्याहून जास्त वेगानं पळतात,
त्या धावेनं जड होतात, आत आक्रसतात,
म्हणून निळा रंग गिळला जातो
आणि पिवळा परत येतो.
तांबट आळीतल्या घंगाळाला एवढी धावपळ पडत नाही,
ते तसंच लाल.

आणखी एक आहे पिवळट: सीझियम.
काचेच्या नळीत बंद, आमच्या प्रयोगशाळेच्या कपाटात.
एप्रिलात दुपारी पंखा बंद पडला
की तिथल्या तिथं वितळायचा.
पाण्याचा थेंब लागला तर स्फोट.
त्याची पाटली कुणी घडवली नाही.

शिदूतात्या बराच वेळ मुशीकडं बघत होते.
‘म्हंजे पिवळं हे खाऊन उरल्यालं?’
‘हो.’
‘मग बराबर हाय. आमचं बी तसंच.’

तपकीर मुशीत गेली, टाकणखार पडला,
भाता घरघरला,
आणि ती कधी पिवळी झाली ते मला दिसलंच नाही,
मी त्याच वेळी चष्मा पुसत होते.

निघताना नळ सोडायला गेले.
‘नळाखाली नको, मॅडम.
हात हितं धुवा. बादलीत.’