सेगुंद

पहिल्याच दिवशी मेस्त इनासियुंनी विचारलं,
"गो बाये, किती लांब तुझा सिनेमा?"
बावन्न मिनिटं, मी म्हटलं.
"मग देव बसेल त्यात. तो पेटीतही बसतो.
अडचण माझ्या गुडघ्यांची आहे."

कुडतरीच्या तळ्याकाठी घर. व्हरांड्यात दोन खुर्च्या.
एकीवर व्हायोलिनची पेटी,
त्या खुर्चीवर कुणी बसत नाही.
उल्हास माइक लावत होता:
पंखा बंद, फ्रिज बंद, कोंबड्या परसात.
पदेराच्या भोंप्याचं मात्र काही करता येईना,
पाव काय थांबायचे?

मे महिना, लादाइन्यांचे दिवस.
क्रुसावर झेंडू, पायाशी मेणबत्त्या,
गाऊन झाल्यावर उकडलेले चणे
आणि पेल्यात बोटभर फेणी.
लॅटिन गावात कुणालाच येत नाही,
पाठ सगळ्यांना आहे.
मी अर्थ विचारला, पडद्यावर खाली लिहावा लागतो म्हणून.
"तो पाद्रीला विचार. मी सेगुंद,
मी नुसता दोन सूर खाली उभा राहतो."

वरचा आवाज क्वितेरीनचा असायचा.
अठ्ठेचाळीस वर्षं. बांगडे साफ करताना,
अबोला असतानासुद्धा.
ती गेली त्याला सहा पावसाळे झाले.
आता ते एकटेच गातात,
तोच खालचा आवाज, एकदाही वर न चढता.

विचित्र लागतं कानाला.
कठडा आहे,
जिना नाही.

शेवटी मी ठेवणीतला प्रश्न काढला: तुमची श्रद्धा?
ते गजाला राळ लावत राहिले.
एक मिनिट अकरा सेकंद. नंतर मोजले, एडिटिंगला.
मग म्हणाले,
"त्या रात्रीपासून देवाशी बोलणं टाकलं.
गाणं कशाला टाकू? ते त्याच्याशी नव्हतंच."

निर्मात्यांचा फोन आला:
वरचा आवाज भरून घ्या,
मडगावात मिळतील कॉयरच्या मुली,
प्रेक्षकांना पोकळ वाटेल.
मी म्हटलं, पोकळच आहे.

मी सावईवेऱ्याची.
आमच्याकडे घुमट, चवथीच्या आरत्या,
आणि बाबांच्या मागे झांज धरून
ओठ हलवणारी मी.
चौथ्या टेकला, ओरा प्रो नोबिसच्या कितव्या तरी फेरीत
माझं तोंड उघडलं.
कॅमेऱ्यामागून. शब्दांवाचून.
कच्च्या सुरात, पण वर.

मेस्तांनी मान वळवली नाही.
फक्त चाल जराशी धीमी केली,
मागून लहान मूल येत असलं
की माणूस करतो तशी.

उल्हासने हेडफोन उतरवला.
"टेक वाया गेला. कुणाचा तरी आवाज घुसलाय."
पदेराचा भोंपू असेल, मी म्हटलं.

चौदाव्या मिनिटावर आहे तो भोंपू.
काढला नाही.
श्रेयनामावलीत घातलाही नाही.