गोल घरात चौकोन

दुकानातल्या पोरानं पहिलं हेच विचारलं,
"भिंत किती लांब आहे, मावशी?"
मी म्हटलं, आमची भिंत वर्षातून चार वेळा ट्रकवर चढते,
तू कुठल्या महिन्यातली विचारतोस?

हसला. उलानबातारमध्ये वाढलेला,
कोपरे असलेल्या घरात.
त्याला सांगितलं, आमच्या गेरला कोपरा नाही.
मधोमध चूल, चुलीवरून थेट आभाळात गेलेलं धुराडं.
प्रकाश पलीकडून सोडला
तर हिरोच्या नाकावर धुराडं उभं राहणार.

म्हणून मी दोरी नेली होती.
यादामच्या उर्ग्याला, घोडे धरायच्या त्या लांब काठीला,
लावून मोजलेली.
एक गाठ चुलीची, एक पलंगाच्या कडेची.
काउंटरवर पसरली तेव्हा
गाठीत अडकलेला बकरीचा केस दिसला. राहू दिला.

टीव्ही होता आमच्याकडे.
मागच्या मुक्कामाहून निघताना दोन गाद्यांमध्ये
बाळासारखा गुंडाळला होता.
ओढ्यात ट्रकनं एकच उडी मारली.
गाद्या शाबूत.
काचेवर कोळ्यानं घर बांधावं तशा चिरा.
आठवडाभर जाळ्यामागची माणसं बघितली,
मग आडवा केला, आणि त्याच्या पाठीवर
दह्याच्या वड्या वाळत घातल्या.

पोरानं तीन यंत्रं मांडली.
एक बैलाएवढं, उजेड भरपूर,
पण पंखा असा घोरायचा की संवाद त्याचेच ऐकावेत,
शिवाय भिंतीतली वीज हवी. भिंतीतली!
दुसरं तळहाताएवढं, स्वस्त,
खोक्यावर नऊ हजार ल्यूमेन.
पोरानं आवाज खाली आणला : "तेवढे नाहीत हं."
तेव्हाच तो मला आवडला.
खोक्यावरचा आकडा आणि विकणाऱ्यानं सांगितलेलं घोड्याचं वय,
दात बघितल्याशिवाय खरं मानू नये.

तिसरं चहाच्या डब्यासारखं, राखाडी.
अडीच तासांची बॅटरी, सौर पाटीवर भरणारी,
आणि माझ्या पहिल्या गाठीच्या आतूनच
उर्ग्याच्या अर्ध्याएवढं चित्र.
त्यानं शटर ओढलं, दिवा घालवला,
मागच्या खोक्यांवर समुद्र लावला.
समुद्र मी पाहिलेला नाही.
खोक्यांच्या फटींतून तो जरा गळत होता.

किंमत ऐकून
बावीस शेळ्या मी मनातल्या मनात पुन्हा विंचरल्या.
एकीनं शिंग मारलं. तरी घेतलं.

घरी प्रश्न वेगळाच : चित्र कुठे?
उत्तरेला देव आणि गेलेल्यांचे फोटो,
दक्षिणेला दार,
पूर्वेला माझी भांडी.
उरली पश्चिम. तिथे त्याची खोगिरं, लगाम,
त्याच्या बापाचा चाबूक.
मी काहीच बोलले नाही, चहा ओतत राहिले.
यादामनं खोगीर उचललं, पलंगाखाली सारलं.
तोही बोलला नाही,
लगाम मात्र हवा त्यापेक्षा जोरात ठेवला.

जूनमध्ये अंधार दहाशिवाय येत नाही.
खुलान तीनदा बाहेर जाऊन बघून आली.
शेवटी मी छताच्या डोळ्यावरची झापड दोरीनं ओढली,
पांढरं कापड ताणलं, चाप लावले.
पण गोल भिंत ती गोलच :
होडी निघाली ती वाकत,
रडणारी बाई कडेला आली की बारीक व्हायची,
मध्ये आली की पुन्हा धडधाकट.
शेणीचा धूर झोतात शिरला
आणि कथेत नसलेला पाऊस पडू लागला.
शेवटाआधी बॅटरी संपली.
तिचं काय झालं यावर तिघांची तीन मतं,
अजून भांडतोय.

सकाळी कापड काढायचं राहिलं होतं.
छताच्या डोळ्यातून रोज उतरतं तसं
उन्हाचं वर्तुळ पश्चिमेला उतरलं,
नेमकं कापडावर,
आणि सरकू लागलं.
माझ्या सासूनं यावरच वेळ सांगितली आयुष्यभर,
घड्याळ कधी लागलं नाही.

यादाम वाडगा घेऊन समोर बसला होता.
म्हटलं, शेळ्या ओरडतायत.
तो म्हणाला, थांब,
हे अजून देवापर्यंत जायचंय.