तेविसाव्या मिनिटाला

बादली अर्धी भर, म्हणाले. रिकामी असली की हात खोटा दिसतो.
मी अर्धी भरली
आणि कुंपणापर्यंत चौथ्यांदा चालले,
कारण तिसऱ्यांदा कोंबडी मध्ये आली होती.

त्या ओढ्याचं पाणी बारा वर्षांत आम्ही तोंडाला लावलेलं नाही.
हेही सांगितलं मी. एर्मेकनं भाषांतर केलं.
दिग्दर्शक बाई समजूतदार. मान हलवली,
म्हणाल्या, खरं आहे, पण लोकांना बादली कळते.

हा माझा पाचवा माहितीपट.
पहिल्यात वेणी काळी आहे, रुमाल हिरवा,
आणि मी पासपोर्टच्या फोटोसारखी ताठ.
दुसऱ्यापर्यंत शिकले: भिंगाकडे नाही, त्याच्या कानाशेजारी बघायचं,
विचारलेला प्रश्न उत्तरात गुंडाळून घ्यायचा,
रडू आलं तर पुसायची घाई करायची नाही.

तिसऱ्यात सात मिनिटं बोलले.
जिल्ह्याच्या कचेरीत एका सहीसाठी अकरा खेपा,
साहेबाचं मांजर, ते आमच्याच फायलीवर कसं झोपायचं, सगळं.
आमच्या किर्गिझमध्ये वाक्य रमतगमत जातं.
शेवटी म्हटलं, एका सहीसाठी मरतोय आम्ही.
पडद्यावर खाली अक्षरं आली: आम्ही मरतोय.
बर्लिनच्या अंधारात लोक नाक ओढत होते.
मांजर कुठं गेलं, मी एर्मेकच्या कानात विचारलं.

वही प्रत्येकाला दाखवली.
युरेनियमचा गाळ पुरलेल्या टेकडीखाली
दर गुरुवारी यंत्र धरून लिहिलेले आकडे, एकोणीस वर्षांचे.
निळी शाई, मग पेन्सिल, मग नातवाचं जांभळं स्केचपेन.
कागद पडद्यावर मेलेला दिसतो, म्हणाले.
एकानं पानं उलटताना बोटं घेतली. नुसती बोटं.

तक्रार नाही. पहिल्यानंतर कुंपण आलं,
दुसऱ्यानंतर टँकर, सोमवारी, आला तर.
गाव म्हणतं, बुरुलकानला विमान, आम्हाला टँकर.
त्यावर काय बोलणार?

पण पहिल्या माहितीपटात, तेविसाव्या मिनिटाला,
मी गाळाबद्दल सांगत असताना
मागं, चौकटीबाहेर, कुणीतरी खोकतं.
आवाजवाल्या पोरानं माफी मागितली होती,
काढता आलं नाही म्हणून.
तो तोक्तोसुन. छपरावर जर्दाळू वाळत घालत होता.
कॅमेऱ्यापुढे यायचा नाही. एका घरात एक तोंड पुरे, म्हणायचा.
फोटो आहे त्याचा, लग्नातला, टोपी मात्र मेव्हण्याची.
आवाज एवढाच.

बोलावलं की मी जाते. लोकांना वाटतं, लढ्यासाठी.
लढ्यासाठीही जातेच.
बाविसावं मिनिट सरत आलं की गुडघा घट्ट धरते.
दोनदा खोकतो.
मधे जरा थांबतो,
जणू कुणी हाक मारली का, ऐकतो आहे.

आत्ता आत आयचुरेक कढई घासते आहे,
घासते कसली, आपटते आहे. सुनेचा राग माझ्यावर, भांडी बिचारी.
नवा आवाजवाला कानावरचे डबे दाबून तोंड वाकडं करतो.
दिग्दर्शक बाई उठतात तिला थांबवायला.

बसा, म्हटलं.
चालू द्या तिचं.
तुम्ही बादलीचं काहीतरी विचारत होता.