आकडा

निपाणी स्टँडच्या मागं, तंबाखूच्या वखारीला टेकून
आमचं दुकान : एक सोल्डर, एक भिंग, एक स्टूल.
भीमगोंडा आला कॉलेजची बॅग पोटाशी धरून.
आत गोव्याहून आणलेला सेकंडहँड
हातात मावणारा गेम.

"बिघडलाय काय रे?"
"नाही वो आक्का, बेस्ट चालतोय.
खरं माझं ऐकत नाही."

त्यानं स्वतः एक खेळ लिहिलेला. बसचा.
घरच्या कॉम्प्युटरवर पळतोय,
ह्यात घातला की हे नको म्हणतंय.
कंपनीची सही नाही म्हणतंय.
पैसे मोजले ह्यानं, आणि सही कंपनीची.

उजवी मूठ सरकवून काढली.
खोबणीत दहा पितळी ठिपके, मुंगीच्या पायाएवढे.
दहावा अर्थिंगला भिडवायचा.
तार सापडेना. केसातला आकडा काढला,
दातानं टोक सोलून वाकवला.

पहिल्यांदा कंपनीचं चिन्ह आलं.
दुसऱ्यांदाही आलं.
तिसऱ्यांदा काहीच नाही.
"मेला काय वो?"
"नाही. काळा राहिला म्हणजेच जमलं."
असलं वाक्य मी आजवर
कुठल्या गिऱ्हाइकाला बोलले नव्हते.

मग फोनवरनं केबलमधनं इवलासा प्रोग्राम ढकलला,
आणि कार्डावर उतरल्या किल्ल्या :
शून्य ते नऊ, ए ते एफ, ओळीखाली ओळ,
मुकादमाच्या वहीत बोदाची वजनं असावीत तशा.

आई ह्याच वखारीत वीस वर्षं चाळायची.
वजन तिचं, वही शेठची.
अंगठा घ्यायला तेवढी उघडायचे.

"मित्राला पाठवू काय ह्या?"
"नको. तुझ्या यंत्राच्या तुझ्यापाशी.
फुकटचे गेम घालायला आलास
तर स्टूलपण देणार नाही बसायला."

बस सुटली. वाकडी, चौकोनी, तांबडी.
कोगनोळीचा नाका आला, गेला,
कुणी खाली उतरवलं नाही.
"पाटी कोरी का रे?"
"दोन्ही लिपी घातल्या होत्या वो.
पाटी लहान पडली."

पन्नास रुपये दिले त्यानं, दहाच्या नोटांत.

वाकलेला आकडा परत केसात बसेना.
दिवसभर बट डोळ्यावर येत राहिली,
भिंगात, सोल्डरच्या धुरात.
टाकला नाही.
गल्ल्यात आहे, चिल्लरीत.