ओहोटीचा वर्ग

सान्तियागोहून मी एक फाईल आणली होती.
निळी, रबर लावलेली. आत बारा सत्रं:
श्वास, शांतता, मिटलेले डोळे,
आणि शेवटच्या पानावर एक वाक्य,
ज्याखाली मी दोनदा रेघ मारली होती:
मुलाला त्याच्या नावापलीकडं न्या.

तिथं गालिचा होता. हीटर होता.
चाळीस शिक्षक आडवे पडून हुंदके देत होते,
आणि मलाही, खोटं कशाला बोलू,
तिसऱ्या दिवशी दुपारी वाटलं होतं
की रोसेंदा मिल्यालोन्को नावाची गाठ
कुणीतरी अलगद सोडवली.
जेवणाची घंटा झाली, तशी ती पुन्हा बसली.

इथं, चिलोएच्या या टोकाला, शाळेत अकरा मुलं.
पहिल्या सत्राला दोघं झोपली,
मारिसोलला हसू आवरेना,
शेगडीतलं ओलं लाकूड फुसफुसत राहिलं.
'पालथ्या घड्यावर पाणी, बाई,'
स्वयंपाकघरातून ओतिलिया म्हणाली,
पण प्रेमानं म्हणाली, आणि बटाटे सोलत राहिली.

मोठ्या ओहोटीच्या दिवशी तर वर्गात कुणीच नसतं.
समुद्र दूर मागं सरतो
आणि घरंच्या घरं चिखलात उतरतात,
लाल शेवाळ उपटायला. किलोवर भाव.
हजेरीपटावर त्या दिवशी मी एक आडवी रेघ ओढते.
तिचा अर्थ विचारायचं
अजून कुठल्या साहेबाला सुचलेलं नाही.

म्हणून सहावं सत्र मी खालीच नेलं.
'एकानं ओल्या वाळूवर झोपायचं,
दुसऱ्यानं काठीनं त्याच्याभोवती रेघ काढायची.
मग उठून बघायचं, मी कुठं संपतो ते.'

संपत होते सगळे नीट.
बोटं मोजता येतील अशा दहा आकृत्या.
मारिसोलनं आपलीला वरून वेण्या जोडल्या.
एलिसेओ कार्कामोची रेघ मात्र
गुडघ्यांपाशी येऊन थांबलेली.

'पुसली गेली का रे?'
'नाही. मीच त्याला थांब म्हटलं.'

नऊ वर्षांचा आहे तो. भागाकार येत नाही.
बाहीला नाक पुसत,
मला कळेल अशा बेतानं सावकाश बोलला:
'प्रोफे, पहाटेपासून आईबरोबर पाण्यात उभं राहिलं ना,
की आधी बोटं जातात, मग घोटे.
नंतर पाय कुठवर आणि पाणी कुठून, कळतच नाही.
लाट आली की मीच आल्यासारखं वाटतं.
आईला तर कमरेपर्यंत होतं.'
आणि हसला.
तक्रार नव्हती ती.
सापडलेली शिंपली दाखवावी, तसं दाखवलं त्यानं.

फाईलमध्ये याला शब्द होता.
जाड ठशातला. त्याचे पाच महिने हप्ते फेडले मी.
तो ओठांवर आलाही,
आणि नजर गेली त्याच्या पायांकडं:
निळसर, सुरकुतलेले, उघडे.

आता याला बोध म्हणू की बधिरपणा?
कुणाला विचारू? गालिच्यावर रडणाऱ्यांना?

पाणी चढलं. मारिसोलच्या वेण्या आधी गेल्या.
एलिसेओच्या गुडघ्यांतून ते आत शिरलं,
उघडं दार लोटून घरचं माणूस यावं तसं.

प्रगतिपुस्तकात लिहिलं: भागाकार, सराव हवा.
खालच्या चौकटीत पेन बराच वेळ टेकवून ठेवलं.
शाईचा एक ठिपका पडला. तो तसाच राहू दिला.

कास्त्रोच्या दुकानातून उधारीवर
रबरी बुटांचे दोन जोड आणले. तेहतीस आणि अडतीस नंबर.
आईनं दारात उभ्या उभ्या घालून पाहिले.
एलिसेओनं वाकून आभार मानले, पाहुण्यासारखे.

पुढच्या मोठ्या ओहोटीला वरच्या वाटेवरून दिसलं:
आई बुटांत, कंबर वाकवून.
धाकटा जोड खडकावर, टाचेला टाच लावून
नीट ठेवलेला, कोरडा ठणठणीत,
आणि तो दूर, गुडघाभर पाण्यात,
लाटेची वाट पाहत.

हाक मारणार होते.
माझ्या पायांत लोकरीचे मोजे होते,
एकावर एक, दोन जोड.